मद्रासचा आमचा गुत्ता

बदलीचा हुकूम हाती पडला म्हणजे सरकारी नोकर प्रथम नकाशा पाहतो, मग घरभाडेभत्त्याचे परिपत्रक पाहतो आणि शेवटी पत्नीचे तोंड पाहतो. १९७० च्या जूनमध्ये आमच्या हाती मद्रासचा हुकूम पडला तेव्हा तिसऱ्या गोष्टीचा प्रश्न नव्हता. आम्ही अविवाहित होतो. ती उणीव कचेरीतील वडीलधाऱ्या मंडळींनी भरून काढली. एकाने उकाडा सांगितला, दुसऱ्याने तीन वेळचा भात सांगितला, तिसऱ्याने लिपी सांगितली, आणि एका अनुभवी गृहस्थांनी आम्हाला फायलींच्या कपाटाआड नेऊन, घरातले कोणी आजारी असल्याची बातमी द्यावी तशा स्वरात सांगितले, "तेथे दारूबंदी आहे हो."

आम्ही पीत नव्हतो. फर्ग्युसनमधून बाहेर पडून दोनच वर्षे झाली होती, आणि आमचे सारे व्यसन म्हणजे १९३५ पासून डेक्कनच्या कोपऱ्यावर उभ्या असलेल्या गुडलकमधला चहा व बनमस्का. तरीही त्या गृहस्थांच्या शब्दांनी मनात एक शंका उभी राहिली. विद्यार्थ्यांच्या गावाला एक तरी जागा अशी लागते, जेथे बसलेल्या वेळेचे पैसे लावीत नाहीत. विलायतेत ती जागा बहुधा बिअरची असते. ऑक्सफर्डच्या 'ईगल अँड चाइल्ड' नावाच्या पबमध्ये टॉल्किन आणि लुईस यांच्यासारखे प्राध्यापक मंगळवारी दुपारी जमत, आणि तेथील गप्पा पुढे जगभर प्रसिद्ध झाल्या. मग ज्या गावात पिण्यावरच बंदी, त्या गावातले विद्यार्थी बसतात तरी कोठे? आणि विद्यार्थ्यांचे सोडा, कचेरी सुटल्यावर आम्ही कोठे बसावयाचे?

या बंदीची हकीकत सरकारी नोकरास तरी ठाऊक असावी अशी आहे. राजाजींच्या मंत्रिमंडळाने १ ऑक्टोबर १९३७ रोजी सेलम जिल्ह्यात दारूबंदी सुरू केली आणि १९४८ पर्यंत ती साऱ्या मद्रास इलाख्यावर पसरली. अबकारीचे उत्पन्न बुडाले, तेव्हा ती खिंडार बुजविण्यासाठी त्याच मंत्रिमंडळाने १९३९ मध्ये सर्वसाधारण विक्रीकर आणला. हिंदुस्थानातला तो पहिलाच. तेव्हा विक्रीकर खात्यात ज्यांनी हयात काढली, त्यांची भाकरी एका अर्थी सेलमच्या बंद पडलेल्या ताडीच्या दुकानांवर भाजून निघाली आहे. आमच्या वाचकांत त्या खात्याचे कोणी असतील तर त्यांनी ही गोष्ट मनावर घेऊ नये.

मद्रासला आम्ही उतरलो ते ट्रिप्लिकेनमध्ये, म्हणजे तिरुवल्लिकेणीत. समुद्रकाठी १८४० साली स्थापन झालेले प्रेसिडेन्सी कॉलेज, शेजारी विद्यापीठ, आणि मागच्या गल्ल्यांत एकट्या पुरुषांच्या खोल्यांच्या चाळी. त्या चाळींना तेथे 'मॅन्शन' म्हणतात. आमच्या मॅन्शनच्या खोलीत एक खाट, एक खिडकी आणि एक खुंटी होती. शर्ट दोन असल्याने खुंटीवरून थोडी अडचण होई. खालच्या रस्त्यावर कॉफी क्लब होते, आणि आमच्या प्रश्नाचे उत्तर पहिल्याच सकाळी मिळाले. १९४८ साली, म्हणजे ज्या वर्षी दारूबंदी पुरी झाली त्याच वर्षी निघालेल्या रत्ना कॅफेत आम्ही दोन इडल्या मागविल्या. वाढप्याने जवळजवळ जगभर सांबार त्यांच्यावर ओतले. बशीत इडल्या दिसेनाशा झाल्या. शेजारी चार विद्यार्थी दोन कॉफ्या चार पेल्यांत करून बसले होते आणि त्यांना कोणी उठवीत नव्हते. जागा सापडली होती.

कॉफीची ही प्रतिष्ठा मात्र फार जुनी नव्हे. विसाव्या शतकाच्या आरंभी तमिळ नियतकालिकांतून कॉफीला अगदी दारूच्या बरोबरीने शिव्या बसत. ती घरे बुडविते, बायकांना बिघडविते, प्रकृती खाते. इतिहासकार वेंकटाचलपती यांनी हा सारा मजकूर मोठ्या रसिकतेने जमा केला आहे. पुढे हीच कॉफी सभ्यपणाची खूण झाली. आणि सभ्यपणा आला म्हणजे त्याच्या मागोमाग येणाऱ्या गोष्टीही आल्या. कॉफी क्लबांच्या पाट्यांवर 'ब्राह्मणांचा' हा शब्द मिरवू लागला. कित्येक ठिकाणी आत बसण्याच्या जागा वेगळ्या असत. याच ट्रिप्लिकेनमधील मुरलीज कॅफेच्या पाटीवरचा तो शब्द काढावा म्हणून पेरियार ई. व्ही. रामसामींच्या अनुयायांनी १९५७ मध्ये महिनोन्‌महिने सत्याग्रह केला. आमच्या मॅन्शनमधले एक प्रौढ विद्यार्थी सांगत की, त्यांच्या वडिलांनी त्या रस्त्याने जन्मभर ये-जा केली; कॉफीचा वास घेतला, कॉफी घेतली नाही. मद्रासच्या कॉफीची गोडी सांगताना हेही सांगितले पाहिजे.

आमचा स्वतःचा अड्डा ट्रिप्लिकेनमध्ये नव्हता. तो होता कॅथीड्रल रोडवर, वुडलँड्स ड्राइव्ह-इनमध्ये. उडुपीजवळच्या कडंदले गावचे कृष्णराव गरिबीत वाढले, मद्रासला येऊन स्वयंपाकघरात राबले आणि पुढे स्वतःची उपाहारगृहे काढून दक्षिणेत नावारूपाला आले. १९६२ साली त्यांनी कृषि-उद्यान संस्थेच्या बागेत हे नवे उपाहारगृह उघडले. कल्पना परदेशी होती: गाहकाने मोटार झाडाखाली उभी करावी, वाढप्याने येऊन खिडकीच्या काचेवर तबक अडकवावे, आणि मोटारीतल्या मोटारीत डोसा खावा. झाडे मात्र अस्सल देशी वयाची, म्हणजे म्हातारी. मोटारवाले खिडकीतून खात. ज्यांना मोटार नव्हती ते, म्हणजे जवळजवळ सारे मद्रास, आत टेबलांशी नाहीतर झाडाखाली बसत. त्याच रस्त्यावर स्टेला मॅरिस हे मुलींचे कॉलेज. तेव्हा इतर कॉलेजांतील मुलांना तेथील पुरीभाजी विशेष आवडे, हे सांगणे न लगे. औषधकंपन्यांचे फिरते प्रतिनिधी सकाळी तेथे बॅगा उघडून दिवसाचा हिशेब मांडीत. वार्ताहर येत, सिनेमातले लोक येत. आणि कोणालाही कोणी जात विचारीत नसे. मालक उडुपीचे ब्राह्मण खरे. पण एकदा मोटारीच्या खिडकीला तबक अडकविण्याची रीत पडली म्हणजे आत कोण बसले आहे हे विचारता येत नाही. बंद काचेमागच्या त्या आधुनिक चैनीने जुन्या पाट्यांचे बरेच काम केले, असे आमचे मत आहे.

आमच्यापाशी मोटार नव्हती. सहाजणांत मिळून एक जुनी स्कूटर होती. पहिल्या दिवशी ती आम्ही ऐटीत झाडाखाली लावली आणि तिच्याभोवती उभे राहिलो. वाढपी आला, त्याने तबक कोठे अडकवावे याचा क्षणभर विचार केला, आणि मग गंभीर चेहऱ्याने ते मागच्या आसनावर ठेवून निघून गेला. त्या गांभीर्यावर आम्ही फिदा झालो. त्याला आम्ही अण्णा म्हणत असू. तो दक्षिण कानडातला. तुळू, कानडी आणि तमिळ बोले. आमचे तमिळ तो बिलाबरोबर दुरुस्त करून परत देई. डोक्यावरचे झाड विलायती शिरीष. संध्याकाळी पाने मिटून घेणाऱ्या त्या झाडाला तमिळमध्ये 'तूंगुमूंजि मरम्', म्हणजे झोपाळू तोंडाचे झाड म्हणतात, हे त्यानेच शिकविले. आमच्यातल्या एका सुस्त स्नेह्यास पुढे तेच नाव पडले.

आमची मंडळी म्हणजे निरनिराळ्या खात्यांत अडकलेले पाच मराठी नोकर आणि सहावे एक तंजावरी वकील, ज्यांच्या मराठीतले शब्द व्यंकोजीराजांबरोबर सतराव्या शतकात दक्षिणेत आलेले आणि सूर मात्र नखशिखांत तमिळ. सांबाराचा शोध तंजावरच्या मराठी दरबारात लागला, ही कथा ते दर महिन्यास एकदा सांगत. तिला इतिहासाचा आधार नाही. पण समोर गरम सांबार असता पुरावा मागणारा माणूस दुष्टच म्हणावा लागेल. दर शनिवारी साडेपाचला आम्ही जमत असू. नव्याने बदलून आलेल्याने पहिली कॉफी पाजावयाची, बदलून जाणाऱ्याने शेवटची. आणि जाणाऱ्याचा हुकूम अण्णासमोर मोठ्याने वाचावयाचा. दुसरा पेला येईपर्यंत बढतीचा विषय काढावयाचा नाही. ज्याला त्या आठवड्यात घरून पत्र आले असेल त्याने वाचून दाखवावयाचे, खाजगी मजकूर गाळून. गाळलेला मजकूर चेहऱ्यावरून ओळखण्यात आम्ही सारे तरबेज झालो होतो. कॉफी पितळी पेल्यात आणि डवऱ्यात येई. ती एकातून दुसऱ्यात हातभर उंचावरून ओतून निववायची असते. आमच्या पाटलोणींवर त्या विद्येचे डाग बरेच दिवस होते.

या टेबलाचे प्रमुख म्हणजे दादा. वय पंचेचाळिशीचे, अमरावतीकडचे. आमच्याहून वीस वर्षांनी वडील. कुटुंब मुलांच्या शिक्षणासाठी तिकडेच ठेवून ते मॅन्शनमध्ये आमच्या वरच्या मजल्यावर एकटे राहात. आम्हाला उशीर झाला की "काहून बाप्पा, साहेबानं डांबून ठेवलं होतं काय?" असे स्वागत होई. नाट्यपदे गात, आणि अण्णाला समोर उभे करून त्यांचा अर्थ वऱ्हाडीत सांगत. अण्णा मान डोलावी, आणि उलट तुळूत काहीतरी सांगे. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण दोघेही हसत ते नेमके एकाच जागी. अण्णा त्यांना 'पेरियवर' म्हणे, म्हणजे वडीलधारे.

दादांची एक गोष्ट आम्हाला कधी उलगडली नाही. आम्हा साऱ्यांवर मद्रास लादले गेले होते; दादांनी ते मागून घेतले होते. कारण विचारले की म्हणत, "इथली कॉफी चांगली." आम्ही हसत असू.

३० ऑगस्ट १९७१ रोजी मद्रासची दारूबंदी उठली. तेवीस वर्षे बंद असलेले दार उघडले. जी पिढी त्या काळात जन्मली आणि कॉलेजात गेली तिने आपल्या गावात दारूचे दुकान पाहिलेलेच नव्हते. पहिल्या शनिवारी ड्राइव्ह-इनमध्ये दुसरा विषय नव्हता. आमच्यापैकी कोणी म्हटले ते आता आठवत नाही. आठवत नाही असे आम्ही आजवर म्हणत आलो. येथे लिहितो: ते आम्हीच म्हटले. "चला, पाहून तर येऊ. इतिहास घडतो आहे." सारे उठले. दादा बसून राहिले, म्हणाले, "तुम्ही जा बाप्पा, मी बसतो अण्णाजवळ." आम्ही त्यांच्या हाताला धरून उठविले. वडील माणसाला अरसिक म्हणून चिडविण्यात त्या वयात मोठा पुरुषार्थ वाटतो. माउंट रोडजवळच्या एका गल्लीत रांग होती; आम्ही तीत उभे राहिलो; एका स्नेह्याच्या खोलीवर जाऊन प्रत्येकी अर्धा पेला घेतला. वास उग्र होता. आम्ही तोंडे वाकडी केली, विनोद केले, आणि मीठ लावलेले शेंगदाणे संपविले. दादा बोलले नाहीत. त्यांचा पेला कधी रिकामा झाला हे आम्ही पाहिले नाही.

पुढच्या शनिवारी ते उशिरा आले. दिवाळीनंतर एक शनिवार सोडून येऊ लागले. १९७२ च्या पोंगलनंतर येईनासे झाले. एकाच जिन्याने आमची ये-जा होती. रात्री वर काहीतरी पडल्याचे आवाज येत. आम्हाला कळत नव्हते असे नाही. "मोठा माणूस आहे, आपण काय सांगणार?" असे आम्ही एकमेकांना म्हणत असू, आणि हे वाक्य इतके सोयीचे होते की ते सहाही जणांनी वापरले. सहा कोठले, पाच. टेबलाशी पाच खुर्च्या सहज मावतात, असे आमच्या लक्षात आले.

अण्णा मात्र दर शनिवारी तबक ठेवताना विचारी, "पेरियवर वरलैया?" आले नाहीत? आम्ही म्हणत असू, कामात आहेत. असे पाचसहा वेळा झाले. मग एका रविवारी दुपारी मॅन्शनच्या जिन्यावर आम्हाला अण्णा दिसला. गणवेश नव्हता, म्हणून प्रथम ओळखला नाही. हातात झाकणाचा पितळी डबा होता, फडक्यात गुंडाळलेला. तो आमच्याकडे आला नव्हता. तो वरच्या मजल्यावर गेला, आणि दोन तासांनी खाली उतरला. पुढे कित्येक रविवार तो असा येत राहिला. पत्ता त्याने कोणाकडून मिळविला, कोण जाणे; आम्हाला तर विचारला नव्हता. वर खोलीत तो तुळूत बोले आणि दादा वऱ्हाडीत. खाली आमच्या खोलीत ते ऐकू येई आणि आम्ही दिवा लावून काही वाचल्यासारखे करीत असू.

१९७३ मध्ये दादांनी विनंती करून नागपूरला बदली करून घेतली. जाण्याआधीच्या शनिवारी ते आले, रीतीप्रमाणे हुकूम मोठ्याने वाचला, साऱ्यांना कॉफी पाजली. हात कापत होता म्हणून डवऱ्यात कॉफी ओतण्याचे काम अण्णाने केले. उगीच लांब उंचावरून, नाटकीपणाने, जणू ते काम दादांचे नव्हतेच, त्याचेच होते. १९७४ मध्ये दारूबंदी पुन्हा आली. १९८१ मध्ये पुन्हा उठली. १९८३ मध्ये सरकारने विक्रीसाठी टास्मॅक ही आपलीच कंपनी काढली, आणि २००३ पासून किरकोळ दुकानेही तीच चालवू लागली. सरकारे अशी दार उघडतात आणि लावतात. त्यामागे महसुलाचे हिशेब असतात, ते आम्हाला समजतात.

दादा १९७६ मध्ये गेले. पुढच्या वर्षी दौऱ्यावर नागपूरला गेलो असता आम्ही वहिनींना भेटावयास गेलो. त्यांनी पोहे केले, मुलांची चौकशी ऐकून घेतली, आणि सहज बोलावे तसे म्हणाल्या, "मद्रास त्यांनी मागून घेतलं होतं. तिकडं दुकान नाही, तर सुटंल म्हणाले. दोन वर्षं सुटलं होतं बरं का. पत्रात लिहीत, तुमची सगळ्यांची नावं असत." आम्ही पोह्यांची बशी हातात धरून बसलो. पहिल्या दिवशी त्यांना रांगेत कोणी नेले ते त्यांनी विचारले नाही, आणि आम्ही सांगितले नाही. आता वहिनीही नाहीत.

दुसऱ्यांदा आम्ही १९८८ मध्ये मद्रासला बदलून गेलो, तेव्हा सकुटुंब होतो आणि मोटारही होती. पहिल्याच शनिवारी खिडकीवर तबक अडकवून घेतले. मुलींना त्याची मोठी मौज वाटली. अण्णा आता वाढीत नव्हता. आत टेबलांची देखरेख करी. त्याने आम्हाला ओळखले आणि पहिला प्रश्न केला, "पेरियवर?" आम्ही सांगितले. तो काही बोलला नाही. खांद्यावरचे फडके काढून त्याने समोरचे टेबल पुसले. ते स्वच्छच होते. पुसून झाल्यावर पुन्हा एकदा पुसले.

मोठ्या मुलीचे कॉलेज त्याच रस्त्यावर. तिच्या वेळच्या मुली एक मसाला डोसा तिघींत मागवून तीन तास बसत, परीक्षेच्या निकालाच्या दिवशी बोंडे वाटीत, आणि पहिल्या पगाराची मेजवानी दुसरीकडे कोठे दिली तर तो द्रोह समजत. ती मद्रासलाच राहिली. तेथलेच घर केले. तिच्या तमिळमध्ये दुरुस्ती करण्याजोगे काही उरलेले नाही.

जमिनीचा वाद न्यायालयात पुष्कळ दिवस चालला आणि २००८ मध्ये ड्राइव्ह-इन बंद झाले. बातमी कळताच शेवटच्या दिवसांत आम्ही पुण्याहून गेलो. इतकी गर्दी की कॉफीला पाऊण तास लागला. पिकल्या केसांचे लोक एकमेकांना आपापली टेबले दाखवीत होते, आणि एकाच टेबलावर तिघांचा हक्क निघत होता. अण्णाची चौकशी केली. तो बऱ्याच वर्षांपूर्वी गावी परतला होता. त्याच जागी नोव्हेंबर २०१० मध्ये सरकारी उद्यान उघडले. नाव सेम्मोळि पूंगा, म्हणजे अभिजात भाषेचे उद्यान. तमिळला तो मान २००४ मध्ये मिळाला. आपल्या मराठीला मिळावयास ऑक्टोबर २०२४ उजाडले, ही गोष्ट आमचे तंजावरी वकील असते तर त्यांनी आमच्या चांगली कानावर घातली असती. उद्यान सुरेख आहे. जुनी झाडे राखली आहेत. तिकीट काढून आत जाता येते आणि बाकावर बसता येते.

गेल्या डिसेंबरात नातीला घेऊन आम्ही तेथे गेलो. तीही आता कॉलेजात आहे. बाहेरून तिने कागदी पेल्यांतून कॉफी आणली होती. ती निववावयास दुसरे भांडे नव्हते, तेव्हा थांबलो. "तुमचं झाड कोणतं, आजोबा?" तिने विचारले. विलायती शिरीषाची दोन मोठी झाडे समोर होती. टेबले नाहीत, वाट बदललेली, मोटारी उभ्या राहात ती जागा गवताखाली गेलेली. आम्हाला सांगता येईना. संध्याकाळ होत आली होती आणि दोन्ही झाडांची पाने मिटू लागली होती. नातीने माळ्याला तमिळमध्ये काही विचारले. तो आमच्याकडे पाहून हसला आणि म्हणाला, तूंगुमूंजि. ते आम्हाला ठाऊक होते. त्या झाडांपैकी एकाच्या बुंध्याशी सिमेंटचा ओटा होता. आम्ही त्यावर बसलो आणि दादांची गोष्ट तिला पहिल्यापासून सांगावयास लागलो, या वेळी रांगेसकट.